थकलेले भाडे आणि सामायिक घर : म्यूर्जे, पुच्चिनी व लार्सन यांच्या कलाकृतींतील तरुण कलावंतांचे सहजीवन

प्रस्तावना

अर्थव्यवस्था अस्थिर असताना एका छपराखाली एकत्र राहणारे तरुण कलावंत हा आधुनिक पाश्चात्त्य कलेतील एक चिवट विषय आहे. आंरी म्यूर्जे या फ्रेंच लेखकाने एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर त्याला कथारूप दिले. १८९६ मध्ये जाकोमो पुच्चिनी याने त्याच कथांवरून 'ला बोहेम' ही संगीतिका रचली. त्यानंतर बरोबर शंभर वर्षांनी, १९९६ मध्ये, जोनाथन लार्सन या अमेरिकन नाटककार-संगीतकाराने ती कथा न्यूयॉर्कमध्ये आणून 'रेन्ट' हे संगीतनाट्य सिद्ध केले. या तिन्ही कलाकृतींचा विचार आजवर प्रामुख्याने प्रेमकथा म्हणून, मैत्रीकथा म्हणून किंवा रोगाने ओढवलेल्या अकाली मृत्यूची कथा म्हणून झाला आहे. प्रस्तुत लेखात त्यांच्याकडे एका वेगळ्या आणि काहीशा रूक्ष वाटणाऱ्या बाजूने पाहावयाचे आहे. ही बाजू आहे घराच्या अर्थव्यवहाराची. या घराचे भाडे कोण भरते, शेगडीत काय जळते, कोणाची वस्तू गहाण पडते आणि हे घर सोडून कोण जाऊ शकते, हे ते प्रश्न होत.

हे प्रश्न साहित्यबाह्य आहेत, असा आक्षेप येऊ शकतो. परंतु ते या कलाकृतींवर बाहेरून लादलेले नाहीत. म्यूर्जेच्या पहिल्याच प्रकरणाचा विषय थकलेले भाडे हा आहे; पुच्चिनीच्या पहिल्या अंकात घरमालक भाड्याची पावती घेऊन दारात उभा राहतो; आणि लार्सनने तर आपल्या नाटकाला 'भाडे' हेच नाव दिले. कलाकृतीने स्वतःच मांडलेला हिशेब वाचणे हे समीक्षेचे काम आहे, अशी या लेखामागील भूमिका आहे.

म्यूर्जे : थकबाकीतून उभे राहिलेले घर

आंरी म्यूर्जे (१८२२–१८६१) हा पॅरिसमधील एका शिंप्याचा मुलगा. त्याचे वडील शिवणकामासोबतच एका इमारतीच्या दारवानाचे कामही सांभाळत. म्हणजे भाडेकरूंची ये-जा, त्यांची थकबाकी आणि घरमालकाचा तगादा हे विश्व म्यूर्जेने लहानपणी दाराच्या आतल्या बाजूने पाहिले होते. पुढे लेखक होण्याच्या धडपडीत तो स्वतः त्या थकबाकीदारांपैकी एक झाला. 'पाणी पिणारे' असे नाव घेतलेल्या गरीब कलावंतांच्या मंडळाचा तो सभासद होता. मद्य परवडत नाही, ही या नावामागील साधी वस्तुस्थिती. शांफ्लरी या लेखकमित्राबरोबर त्याने काही काळ एका खोलीत संसार थाटला होता. १८४५ ते १८४९ या काळात 'कोर्सेर-सातां' या छोट्या नियतकालिकातून त्याच्या बोहेमियन जीवनाच्या कथा सुट्या सुट्या प्रसिद्ध झाल्या. १८४९ मध्ये तेओदोर बारिएर याच्या सहकार्याने त्यांचे नाटक झाले आणि १८५१ मध्ये त्या ग्रंथरूपाने आल्या.

या कथांचा काळ समजून घेणे आवश्यक आहे. १८३६ मध्ये एमिल द जिरार्दँ याने 'ला प्रेस' हे जाहिरातींच्या उत्पन्नावर चालणारे स्वस्त वृत्तपत्र काढले आणि लेखनाची बाजारपेठ एकाएकी विस्तारली. राजाश्रय व धनिकाश्रय ओसरत चालला होता. त्याची जागा वृत्तपत्रे, प्रकाशक आणि चित्रविक्रेते घेऊ लागले होते. खेड्यापाड्यांतून आणि कारागीर कुटुंबांतून शिकलेले तरुण पॅरिसमध्ये येत होते. १८४६ मध्ये शहराची लोकसंख्या दहा लाखांच्या पुढे गेलेली होती. त्याच सुमारास पिके बुडाली, धान्याचे भाव चढले, रेल्वेच्या भागभांडवलाचा फुगा फुटला आणि १८४८ मध्ये क्रांती झाली. लिहिणारे हात वाढले होते, परंतु त्यांना नियमित मोबदला देणारी व्यवस्था तयार झाली नव्हती. बोहेमियन घर हे या अंतरात उभे राहिलेले घर होय.

म्यूर्जेच्या पहिल्या प्रकरणातील रचना या दृष्टीने अत्यंत सूचक आहे. शोनार या संगीतकाराचे भाडे थकले आहे. ८ एप्रिल या तारखेला त्याला खोली सोडावयाची आहे. थकबाकीपोटी घरमालक त्याचे सामान अडकवून ठेवतो. त्याच खोलीत मार्सेल हा चित्रकार नवा भाडेकरू म्हणून येतो. पण त्याच्याजवळ सामान नाही, असलेच तर पडद्यांवर रंगविलेले आहे. दिवसभर पैशांसाठी वणवण करून, वाटेत कोलिन हा तत्त्वज्ञ आणि रोदोल्फ हा कवी यांच्याशी ओळख करून घेऊन, शोनार रात्री नशेत सवयीने जुन्याच खोलीत परततो. सकाळी उलगडा होतो तेव्हा दोघे व्यवहार्य तोडगा काढतात. एकाजवळ खोली आहे आणि सामान नाही; दुसऱ्याजवळ सामान आहे आणि खोली नाही. तेव्हा दोघांनी एकत्र राहावे.

येथे लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी की मैत्री ही या सहजीवनाचे कारण नसून त्याचा परिणाम आहे. आधी अडचण, मग करार आणि करारातून स्नेह, असा हा क्रम आहे. उत्तरकालीन रूपांतरांनी हा क्रम उलटविला. त्यांत हे तरुण आधीपासूनचे जिवलग असतात आणि म्हणून एकत्र राहतात. म्यूर्जेचे घर मात्र दोन अपुऱ्या मालमत्तांच्या बेरजेतून निर्माण झालेले आहे.

हाच रोखठोकपणा त्याच्या इतर प्रसंगांतही आढळतो. मार्सेलचे 'तांबड्या समुद्राचे उल्लंघन' हे चित्र प्रदर्शनाच्या परीक्षकांकडून वर्षानुवर्षे परत येते; दरवेळी तो त्यात थोडे फेरफार करून त्याला नवे नाव देतो. शेवटी ते एका जुन्या वस्तूंच्या व्यापाऱ्याकडे जाते आणि त्यावर आगबोट चढवून ते किराणा मालाच्या दुकानाची पाटी म्हणून टांगले जाते. रोदोल्फला त्याचा शेगड्या बनविणारा चुलता खोलीत कोंडून शेगड्यांविषयीची माहितीपुस्तिका लिहावयास बसवितो. ज्याच्या स्वतःच्या शेगडीत लाकूड नाही त्याने शेगडीचे शास्त्र लिहावे, यातील उपरोध वेगळा सांगावयास नको. दुसऱ्या एका प्रकरणात रोदोल्फच्या हाती ५०० फ्रँक येतात. तो आणि मार्सेल काटकसरीचा नेटका संसार मांडण्याचा संकल्प करतात, त्यासाठी पहिले पाऊल म्हणून नोकर ठेवतात आणि थोड्याच दिवसांत पैसे कोठे गेले याचा हिशेब लावत बसतात. हा विनोद अंगावर बेतलेल्या माणसाचा आहे. ज्यांचे उत्पन्न अनियमित असते त्यांना काटकसर साधत नाही. कारण काटकसरीसाठीही पुढील महिन्याची खात्री लागते, ही जाण त्याच्या तळाशी आहे.

म्यूर्जेने आपल्या प्रस्तावनेत बोहेमियन जीवनाचा शेवट तीन ठिकाणी होऊ शकतो असे सुचविले आहे : विद्वत्सभा, धर्मार्थ रुग्णालय किंवा शवागार. ही त्रयी पुष्कळदा चमकदार उक्ती म्हणून उद्धृत केली जाते. परंतु ग्रंथाच्या अखेरीस ती कोणाच्या वाट्याला कशी येते हे क्वचितच पाहिले जाते. मिमी रुग्णालयात एकटी मरते. ती गेल्याची चुकीची वार्ता रोदोल्फला आधी मिळते. ती जिवंत असून दुसऱ्या दालनात हलविल्याचे कळून तो धावतो, तोवर ती खरोखरच गेलेली असते आणि तिचे प्रेत बेवारस प्रेतांसोबत निघून गेलेले असते. याउलट एका वर्षानंतर रोदोल्फच्या पुस्तकाची वाखाणणी होते, मार्सेलची चित्रे प्रदर्शनात लागतात आणि कोलिनला वारसा मिळतो. मार्सेल मोकळेपणाने मान्य करतो की आता त्याला चांगलेचुंगले आणि आरामाचेच आवडू लागले आहे. म्हणजे एकाच घरातील पुरुष विद्वत्सभेच्या दिशेने गेले आणि स्त्री रुग्णालयाच्या. म्यूर्जे या विषमतेवर भाष्य करीत नाही. तथापि ती लपवीतही नाही. ग्रंथाचा अखेरचा स्वर विजयाचा नाही, काहीशा ओशाळलेपणाचा आहे. हे त्याचे साहित्यिक मोठेपण होय.

पुच्चिनी : हिशेबाकडून वस्तूंकडे

'ला बोहेम' ही संगीतिका १ फेब्रुवारी १८९६ रोजी ट्यूरिन येथील तेआत्रो रेजिओमध्ये आर्तुरो तोस्कानिनी याच्या संगीतसंचालनाखाली प्रथम सादर झाली. संहिता लुइजी इल्लिका आणि जुझेप्पे जाकोसा यांची. मिलानच्या संगीतशाळेत शिकत असताना पुच्चिनीने पिएत्रो मास्कान्यी याच्याबरोबर खोली वाटून घेतली होती. त्यामुळे हा विषय त्याला परका नव्हता.

संहितेने म्यूर्जेच्या विखुरलेल्या प्रकरणांतून चार अंकांची सलग कथा घडविली. हे करताना केलेली दोन परिवर्तने प्रस्तुत विवेचनाच्या दृष्टीने महत्त्वाची आहेत. पहिले परिवर्तन मिमीच्या व्यक्तिरेखेतील आहे. विझलेली मेणबत्ती, तिच्या निमित्ताने झालेली भेट आणि मरताना हात उबविणारा मफ हे घटक म्यूर्जेच्या मिमीचे नाहीत. ते फ्रान्सीन या दुसऱ्याच एका प्रकरणातील निरागस तरुणीचे आहेत. फ्रान्सीनचे मार्दव मिमीला देताना मूळ मिमीचा हिशेबीपणा, दारिद्र्याविषयीचा तिचा त्रागा आणि श्रीमंत मित्राकडे जाण्याचा तिचा निर्णय हे सर्व पार्श्वभूमीत ढकलले गेले. संगीतिकेत तिच्या त्या मित्राचा केवळ उल्लेख येतो. ज्या स्त्रीने 'हे मला परवडत नाही' असे म्हटले होते ती आता तक्रार न करता मरणारी स्त्री झाली.

दुसरे परिवर्तन याहून बोलके आहे. इल्लिकाने मुझेटाच्या घराच्या अंगणात घडणारा एक संपूर्ण अंक लिहिला होता. त्यात भाडे न भरल्यामुळे मुझेटाचे सामान अंगणात काढलेले असते आणि त्या उघड्यावरच मेजवानी होते. पुच्चिनीने हा अंक वगळला. त्याच विषयावर त्याच सुमारास रुज्जेरो लेओंकावाल्लो यानेही 'ला बोहेम' लिहिली. ती १८९७ मध्ये व्हेनिस येथे रंगमंचावर आली. लेओंकावाल्लोने मात्र हा अंगणातील प्रसंग ठेवला. आज रसिकांच्या स्मरणात पुच्चिनीची कृती आहे आणि लेओंकावाल्लोची विस्मरणात गेली आहे. याचे श्रेय अर्थातच पुच्चिनीच्या सांगीतिक प्रतिभेला द्यावयास हवे. परंतु परिणामी जगाच्या स्मृतीत जी बोहेमियन कथा राहिली ती घरातून बाहेर काढले जाण्याच्या प्रसंगाशिवाय राहिली, हेही तितकेच खरे.

वगळलेल्या हकालपट्टीच्या जागी संगीतिकेत घरमालक बेन्वाचा विनोदी प्रवेश उरला. तो भाडे मागावयास येतो. तरुण त्याला मद्य पाजतात, त्याच्या भानगडींविषयी बोलते करतात आणि मग नीतिमत्तेचा आव आणून त्याला हाकलून देतात. दुसऱ्या अंकात मोमूस उपाहारगृहाचे बिल मुझेटाच्या वृद्ध चाहत्याच्या गळ्यात पडते. भाडे आणि बिल, दोन्ही चुकविण्याचे हे प्रसंग प्रेक्षकाला खुलवितात. परंतु त्यांमुळे देणे ही हसण्यावारी नेण्याची बाब ठरते.

तथापि पुच्चिनीने अर्थव्यवहार पुसून टाकला असा निष्कर्ष काढणे अन्यायाचे होईल. त्याने तो आकड्यांतून काढून वस्तूंमध्ये ठेवला. पहिल्या अंकात ऊब मिळावी म्हणून रोडोल्फो आपल्या नाटकाचे हस्तलिखित शेगडीत घालतो. शोनार्ड अन्न व पैसे घेऊन येतो, तेही एका विक्षिप्त इंग्रजासाठी पोपट मरेपर्यंत वाद्य वाजवून मिळविलेले. तिसऱ्या अंकात मिमीपासून दूर जाण्याचे खरे कारण रोडोल्फोच्या तोंडून बाहेर पडते : आपल्या खोलीतील थंडी तिला मारते आहे, हे त्याला कळलेले आहे. चौथ्या अंकात मुझेटा कानांतील कर्णभूषणे विकावयास देते आणि कोलिने आपला जुना अंगरखा. त्या अंगरख्याच्या निरोपाला पुच्चिनीने स्वतंत्र गान दिले आहे. एका जीर्ण कपड्याला संगीताचे एवढे गांभीर्य मिळणे ही संगीतिकेच्या इतिहासातील लहान गोष्ट नव्हे. पहिल्या अंकातील स्वरवाक्ये अखेरच्या अंकात जेव्हा परततात तेव्हा खोली तीच असते, शेगडी तीच असते. फरक एवढाच की जाळण्यासाठी आणि विकण्यासाठी आता काहीही उरलेले नसते. पुच्चिनीच्या कारुण्याचा पाया हा असा भौतिक आहे.

मात्र एक गोष्ट तो देत नाही. म्यूर्जेचे शेवटचे प्रकरण, म्हणजे घराबाहेर पडलेल्या पुरुषांचे यश, संगीतिकेत नाही. पडदा मिमीच्या मृत्यूवर पडतो. त्यामुळे दारिद्र्य हा या तरुणांच्या आयुष्यातील एक टप्पा न राहता त्यांच्या तारुण्याचे सार बनते, आणि प्रेक्षक अश्रू पुसत बाहेर पडताना त्या दारिद्र्याविषयी एक प्रकारचा लोभच मनात घेऊन जातो.

लार्सन : सहनिवासी घरमालक

जोनाथन लार्सन (१९६०–१९९६) याने 'रेन्ट'च्या लेखनाची कित्येक वर्षे न्यूयॉर्कमधील एका भाड्याच्या जागेत, खोलीसोबती बदलत आणि एका उपाहारगृहात वाढप्याचे काम करीत काढली. १९८७ चा शेअर बाजारातील कोसळता ऑक्टोबर, त्यानंतरची मंदी, ईस्ट व्हिलेज भागातील वाढती भाडी, १९८८ च्या ऑगस्टमध्ये टॉम्पकिन्स स्क्वेअर उद्यानावरून उसळलेली दंगल आणि एड्सची साथ ही या नाटकाची पार्श्वभूमी आहे. २५ जानेवारी १९९६ रोजी, पहिल्या पूर्वप्रयोगाच्या दिवशी पहाटे, महारोहिणी फाटून लार्सनचा मृत्यू झाला. त्यावेळी तो ३५ वर्षांचा होता. नाटकाला त्या वर्षीचे पुलित्झर पारितोषिक व सर्वोत्कृष्ट संगीतनाट्याचे टोनी पारितोषिक मिळाले. २९ एप्रिल १९९६ पासून ७ सप्टेंबर २००८ पर्यंत ब्रॉडवेवर त्याचे ५,१२३ प्रयोग झाले.

लार्सनची खरी देणगी म्हणजे बेनी ही व्यक्तिरेखा. म्यूर्जे आणि पुच्चिनी यांच्याकडील घरमालक वृद्ध, कंजूष आणि परका आहे. तो सहज हसण्याचा विषय होतो. बेनी हा मार्क व रॉजर यांचा पूर्वीचा खोलीसोबती आहे. धनाढ्य कुटुंबात विवाह करून तो इमारतीचा मालक झाला आहे. पूर्वी मैत्रीखातर माफ केलेले वर्षभराचे भाडे तो नाताळच्या आदल्या दिवशी एकाएकी मागतो, वीज तोडतो आणि शेजारच्या मोकळ्या जागेवरील बेघरांविरुद्धची कारवाई सुकर व्हावी म्हणून मित्रांशी सौदा करू पाहतो. मॉरीनचे निषेधाचे सादरीकरण थांबवा आणि फुकट राहा, असा तो सौदा. त्याला तेथे कलावंतांसाठी अद्ययावत तांत्रिक केंद्र उभारावयाचे आहे आणि आपण कलेचे भलेच करतो आहोत अशी त्याची प्रामाणिक समजूत आहे.

या एका बदलाने संपूर्ण कथेचा तोल पालटतो. मैत्रीच्या शब्दावर माफ झालेले भाडे मैत्री आटल्यावर वसूल होऊ शकते, हे येथे प्रथमच रंगमंचावर स्पष्ट होते. सामायिक घरातील समता ही उत्पन्न सारखे असेपर्यंतचीच असते. त्यांपैकी एक जण वर गेला की स्नेहाचे रूपांतर उपकारात होते. बेनी पुढे एंजलच्या अंत्यविधीचा खर्च उचलतो, मिमीच्या व्यसनमुक्तीच्या उपचारालाही हातभार लावतो. नाटक त्याला खलनायक करीत नाही आणि म्हणूनच तो अधिक अस्वस्थ करतो.

दुसरा नवा धागा मार्कचा. हा चित्रपटकार सुखवस्तू उपनगरातील कुटुंबातून आलेला आहे. त्याच्या आईवडिलांचे दूरध्वनी वारंवार येत राहतात. त्याला परतीची वाट आहे. रॉजर, मिमी, एंजल व कॉलिन्स यांना एचआयव्हीची लागण झालेली आहे आणि त्यांना तशी वाट नाही. म्हणजे एकाच थंड खोलीत दोन प्रकारची गरिबी नांदते आहे : एक स्वीकारलेली आणि दुसरी वाट्याला आलेली. लार्सनने हे अंतर ओळखले, पण अखेरीस त्याने त्यावर गीतांचा ऊबदार पडदा ओढला. मिमी मृत्यूच्या दारातून परत येते. पुच्चिनीने दिलेला शेवट सहन होत नाही म्हणून तो बदलावा, हे साथीत मित्र गमावलेल्या पिढीसाठी समजण्यासारखे आहे. तरीही कथेच्या तर्कानुसार ते उसने घेतलेले सुख आहे.

'रेन्ट'च्या उत्तरायुष्याने तर त्याच्याच आशयावर भाष्य केले. भाडे न देण्याची घोषणा करणाऱ्या नाटकाच्या नावाने १९९६ मध्ये ब्लूमिंगडेल्स या महागड्या दुकानात कपड्यांचे दालन उघडले. दुसऱ्या बाजूस, पुढच्या दोन रांगांतील तिकिटे त्याच दिवशी २० डॉलरला देण्याची प्रथाही याच नाटकाने रुजविली, हे न्यायाने नोंदवावयास हवे. लेखिका सारा शुलमन यांनी 'स्टेजस्ट्रक' (१९९८) या ग्रंथात आपल्या १९९० च्या 'पीपल इन ट्रबल' या कादंबरीशी नाटकाचे साम्य असल्याचा दावा केला आणि समलिंगी समाजाचा अनुभव मुख्य प्रवाहासाठी सौम्य करून विकला गेल्याची टीका केली. संहितेच्या घडणीत साहाय्य करणाऱ्या लिन थॉमसन यांनी सहलेखिकेचा हक्क मागितला; १९९८ मध्ये अपील न्यायालयाने तो नाकारला. या वादांतील न्यायान्याय ठरविणे हा येथील विषय नाही. परंतु सर्व काही वाटून घेण्याचे गुणगान करणाऱ्या कलाकृतीच्या मालकीचा प्रश्न आला तेव्हा वाटून घेणे किती कठीण ठरले, हे त्यांतून दिसते. थकलेले भाडे सामायिक असते. मिळालेला मोबदला सहसा सामायिक नसतो.

मराठी संदर्भ

मराठीत 'बिऱ्हाड' या शब्दात कुटुंब गृहीत आहे. एकट्या तरुणांची असते ती 'खोली'. १९८८ च्या 'अशी ही बनवाबनवी' या सचिन पिळगावकर दिग्दर्शित चित्रपटातील विनोदाचे मूळ या भेदातच आहे. चौघा तरुणांपैकी एकाला गायक व्हावयाचे आहे, एक रंगभूमीच्या वातावरणात वावरतो. पुण्यात जागा हवी, परंतु घरमालकिणीची अट विवाहित दांपत्यांचीच. म्हणून दोघांना स्त्रीवेष घ्यावा लागतो. पॅरिसच्या घरमालकाला फक्त भाडे हवे होते, येथील घरमालकिणीला भाड्याआधी चारित्र्याची हमी हवी आहे. याचा अर्थ असा की आपल्याकडे सामायिक घराची किंमत पैशांतच नव्हे तर सोंगातही चुकवावी लागते. हा मूळ आशय एका हिंदी व त्याआधीच्या बंगाली चित्रपटातूनही आलेला असल्याने हा अनुभव केवळ महाराष्ट्रापुरता नाही, हेही ध्यानात येते.

आज हा प्रश्न आपल्या महाविद्यालयांच्या दारापर्यंत आलेला आहे. नाट्य, संगीत, चित्रकला वा साहित्य यांच्या ओढीने आपले विद्यार्थी तालुक्याचे गाव सोडून पुण्या-मुंबईस जातात, अकरा महिन्यांच्या करारावर चौघे-पाच जण मिळून एक खोली घेतात, डबा लावतात आणि मिळेल ते काम करतात. मार्च २०२० मध्ये टाळेबंदीमुळे नाट्यगृहे बंद झाली तेव्हा त्यांच्यापैकी अनेकांना प्रथम खोलीच सोडावी लागली. तासिका तत्त्वावर अध्यापन करणाऱ्या तरुण सहकाऱ्यांचीही स्थिती याहून फारशी भिन्न नाही. अशा वेळी वर्गात आपण कलावंताच्या हालअपेष्टांचे जे उदात्त चित्र रंगवितो त्याचा परिणाम तपासून पाहण्याची जबाबदारी अध्यापकांवर येते. उपासमार ही प्रतिभेची पूर्वअट आहे, असे मनावर ठसलेला विद्यार्थी मोबदला मागण्यास संकोचतो आणि त्या संकोचाचा लाभ घेणारे पुष्कळ असतात.

निष्कर्ष

वरील विवेचनातून पुढील गोष्टी स्पष्ट होतात.

एक, तरुण कलावंतांचे सामायिक घर ही मूलतः आर्थिक गरजेतून झालेली तडजोड आहे. म्यूर्जेने ती करार म्हणून दाखविली, पुच्चिनीने तिचे भावनेत रूपांतर केले आणि लार्सनने त्या भावनेच्या आतील वर्गीय भेग उघड केली.

दोन, या घरातून बाहेर पडण्याची वाट सर्वांना सारखी उपलब्ध नसते. म्यूर्जेकडे ती पुरुषांना आहे, लार्सनकडे सुखवस्तू घरच्या मुलाला. मिमीला ती कोठेच नाही. तिच्यासाठी मृत्यू किंवा चमत्कार एवढेच पर्याय उरतात. व्हर्जिनिया वुल्फने १९२९ मध्ये लेखिकेसाठी स्वतःची खोली आणि वार्षिक ५०० पौंड मागितले होते. सामायिक खोलीच्या या परंपरेकडे पाहता, ती मागणी एकांताइतकीच त्या ठराविक रकमेसाठीही होती, हे विसरता येत नाही.

तीन, रूपांतरागणिक हिशेब कमी होत जाऊन ऊब वाढत गेली, असे सरसकट म्हणता येणार नाही. पुच्चिनीचा अंगरखा आणि लार्सनचा बेनी हे त्यांच्या त्यांच्या रीतीने हिशेबच आहेत. मात्र आस्वादकांनी त्यांतील ऊब तेवढी उचलली आणि हिशेब मागे ठेवला.

या कलाकृती शिकविताना त्यांतील मैत्री, विनोद व कारुण्य यांचा आस्वाद विद्यार्थ्यांना अवश्य द्यावा. ते त्यांचे कलामूल्य आहे. त्याबरोबरच मार्सेलच्या चित्राची अखेर दुकानाची पाटी का झाली, मुझेटाचे सामान अंगणात का आले आणि बेनीने माफ केलेले भाडे पुन्हा का मागितले, हेही विचारावे. आपला एखादा विद्यार्थी उद्या खोली वाटून घेईल तेव्हा भाड्याचा करार कोणाच्या नावावर आहे, हे त्याने आधी पाहिले, तर या कथा त्याला समजल्या असे म्हणता येईल.